ऊस वाढला, कोयत्याचा दर थांबला

2021-22 च्या गाळप हंगामात महाराष्ट्राने सुमारे 137 लाख टन साखर काढली आणि उत्तर प्रदेशाला मागे टाकून देशात पहिला क्रमांक पटकावला. इथेनॉलच्या मागणीने कारखान्यांना नवा आधार मिळाला होता, निर्यातही जोरात होती. ऊस इतका पिकला की काही भागांत गाळप जूनपर्यंत लांबले. तो ऊस तोडणाऱ्या मजुराचा मूळ दर मात्र टनाला 273 रुपये 10 पैसे होता. 2020 च्या करारात ठरलेला हा दर जानेवारी 2024 पर्यंत जागचा हलला नाही. उद्योग भरभराटीला आला की त्यात राबणाऱ्या प्रत्येकाच्या घरी चार पैसे जास्त येतात, असे आपण धरून चालतो. साखरपट्ट्याचा अनुभव वेगळा आहे. वाढीतला वाटा ज्याचा भाव कायद्याने बांधलेला आहे, किंवा ज्याला परवडत नाही म्हणून काम सोडून घरी बसता येते, त्याच्याकडे जातो. ऊसतोड मजुराला यातले काहीच लाभलेले नाही.

दसरा-दिवाळीच्या सुमारास बीड आणि आसपासच्या कोरडवाहू गावांतून कुटुंबेच्या कुटुंबे पश्चिम महाराष्ट्राकडे आणि कर्नाटकाकडे निघतात. नवरा-बायको मिळून ‘एक कोयता’ मोजला जातो. मुकादमाने हंगामाआधी दिलेली उचल लग्नात, दवाखान्यात किंवा जुन्या देण्यात केव्हाच संपलेली असते, ती आता तोडून फेडायची असते. भल्या पहाटे फडात शिरायचे, ऊस बुडातून तोडायचा, वाढे छाटायचे, मोळ्या बांधायच्या आणि गाडी येईल तेव्हा, मग ती मध्यरात्री का येईना, डोक्यावरून मोळ्या वाहून ती भरून द्यायची. जोडीने दिवसाला दोन टन ऊस तोडला, तर जुन्या दराने दोघांचे मिळून 546 रुपये होत. जानेवारी 2024 मध्ये 34 टक्के वाढ होऊन दर 366 रुपये झाला. म्हणजे या दराने त्याच दोन टनांचे माणशी 366 रुपये पडतात, आणि त्यासाठी बारा-बारा तास राबावे लागते. त्यात एखादा दिवस चुकला की ‘खाडा’ धरून दंड कापला जातो. अंगात ताप असला तरी सुटका नाही, पाळीच्या दिवसांत कोपीपाशी ना आडोसा ना पुरेसे पाणी. 2019 मध्ये बीड जिल्ह्यातल्या 82,309 ऊसतोड महिलांची सरकारी पाहणी झाली. त्यांतल्या 13,861 जणींचे गर्भाशय काढलेले आढळले. सहा जणींत एक. यामागे खासगी दवाखान्यांनी दाखवलेली भीती आहे, अल्पवयात झालेली लग्ने आहेत, आणि खाडा परवडत नाही ही घराघरातली धास्तीही आहे. साखरेच्या उत्पादनाचे आकडे मांडताना ही किंमत कुठल्याच रकान्यात येत नाही, याचा मला राग येतो.

याच काळात उसाच्या भावाचे काय झाले ते पाहावे. केंद्र सरकार दरवर्षी एफआरपी, म्हणजे रास्त व किफायतशीर दर जाहीर करते. 2020-21 मध्ये तो टनाला 2,850 रुपये होता, 2023-24 मध्ये 3,150 झाला. मधे साखर उताऱ्याचा पाया थोडा वर गेला, पण भाव दर हंगामाला वाढला आणि तो थकवला तर कारखान्यावर कारवाई करता येते. ही सोय शेतकऱ्यांनी संघटना करून, रस्त्यावर उतरून मिळवली आहे. तोडणीच्या दराला असा आधार नाही. तो मजुरांच्या संघटना आणि कारखान्यांचा साखर संघ यांच्या वाटाघाटीत ठरतो, बहुधा संप झाल्यावर. शिवाय मजूर कारखान्याचा नोकरच मानला जात नाही. त्याचा व्यवहार मुकादमाशी, मुकादमाचा वाहतूकदाराशी किंवा कारखान्याशी. जबाबदारी विचारायला गेले की प्रत्येक जण पुढच्याकडे बोट दाखवतो.

वाढीनेच देशातली गरिबी कमी केली, असा आक्षेप यावर येईल, आणि तो खरा आहे. 1991 नंतर कोट्यवधी माणसे उपासमारीच्या काठावरून मागे आली, ती वाढ नसती तर आली नसती. पण पैसा निर्माण होणे आणि तो पोहोचणे ही दोन वेगळी कामे आहेत, हे महाराष्ट्राने स्वतःच करून दाखवले आहे. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेल्या रोजगार हमीला 1977 मध्ये कायद्याचे रूप मिळाले. तिच्या खर्चासाठी 1975 पासून व्यवसाय कर लावला गेला, आणि मुंबईतल्या पगारदाराच्या पगारातून कापलेले पैसे दुष्काळी गावातल्या पाझर तलावाच्या कामावर मजुरी होऊन पोहोचले. शहरातली वाढ होती म्हणून कर मिळाला, आणि कायदा होता म्हणून तो पैसा मजुराच्या हातात पडला.

दुसरा आक्षेप जास्त अवघड आहे. तोडणी-वाहतुकीचा खर्च शेतकऱ्याच्या एफआरपीतून वजा होतो, त्यामुळे मजुरी वाढली की दोन एकरवाल्या ऊस उत्पादकालाच ती सोसावी लागते. मजूर महाग झाला तर यंत्रे येतील, असेही म्हणतात. यंत्रे तर येतच आहेत. 2023 मध्ये राज्य सरकारने तोडणी यंत्रासाठी 35 लाखांपर्यंत अनुदान देऊ केले. मजुरी दाबून ठेवल्याने ती थांबलेली नाहीत. शेतकऱ्यावरच्या भाराचा प्रश्न मात्र खरा आहे, आणि म्हणून वाढीव मजुरी त्याच्या बिलातून न कापता साखर, इथेनॉल आणि सहवीज यांच्या एकत्रित उत्पन्नातून यायला हवी. गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळासाठी कारखान्यांकडून टनामागे दहा रुपये घेण्याची तरतूद याच वाटेने जाते. त्यासोबत प्रत्येक मजुराची नोंद कारखान्याच्या वहीत व्हावी, बायकोची नवऱ्यापासून वेगळी, तिची मजुरी तिच्या खात्यात जमा व्हावी, आणि आजारपणाचा खाडा कापणे गुन्हा ठरावे. यातल्या एकाही गोष्टीसाठी आणखी दहा वर्षे उत्पादन वाढण्याची वाट पाहायची गरज नाही.