नट आणि कामगार : बेला लुगोसी



नटाला आपण कलावंत म्हणतो. तो पोटासाठी राबणारा कामगारही असतो, ही गोष्ट मात्र सहसा ध्यानात घेत नाही. म्हणूनच हंगेरीतल्या एका नटाची हकीकत सांगण्याचे योजले आहे.

१९३१ च्या ‘ड्रॅक्युला’ या इंग्रजी बोलपटातला रक्तपिपासू सरदार म्हणून बेला लुगोसी जगाला ठाऊक आहे. त्याआधी तो कोण होता, हे थोड्यांनाच माहीत असते. त्याचा जन्म २० ऑक्टोबर १८८२ रोजी लुगोश येथे झाला. हे गाव तेव्हा हंगेरीत होते, आता रुमानियात आहे. मूळ आडनाव ब्लाश्को. आपल्याकडे गावाला ‘कर’ जोडतात, तसे त्याने गावावरून ‘लुगोसी’ हे नाव घेतले. शाळा अर्धवट सोडून तो नाटकमंडळ्यांत शिरला आणि १९१३ मध्ये बुडापेस्टच्या राष्ट्रीय नाट्यगृहात पोचला. तिथे त्याच्या वाट्याला बहुधा किरकोळ भूमिकाच आल्या. पहिल्या महायुद्धात त्याने पायदळात नोकरी केली. १९१७ पासून तो मूकपटांत दिसू लागला, काहींत ‘आरिस्टिद ओल्ट’ या टोपणनावाने. १९१८ च्या ‘९९’ या चित्रपटाचा दिग्दर्शक होता मिहाय कर्तेस. हाच पुढे अमेरिकेत ‘कॅसाब्लांका’ काढणारा मायकेल कर्टिझ. लुगोसीचे त्या काळातले बहुतेक मूकपट आता नष्ट झाले आहेत.

२१ मार्च १९१९ रोजी हंगेरीत कामगारांचे राज्य जाहीर झाले आणि चित्रपटधंदा सरकारी मालकीचा झाला. लुगोसीने नटांची कामगार संघटना उभारण्यात पुढाकार घेतला. बहुसंख्य नट मजुरांहूनही अधिक पिळले जातात, असे त्याने नटांच्या पत्रात लिहिले. पण ते राज्य १३३ दिवसांत कोसळले. मागाहून आलेल्यांनी सूड उगवायला सुरुवात केली, तेव्हा त्याला व्हिएन्ना आणि पुढे बर्लिन गाठावे लागले.

परक्या मुलखात त्याला काम कसे मिळाले? मूकपटात संवाद पाट्यांवर छापलेले असत. देश बदलला की पाट्या बदलत, नटाचा चेहरा तोच राही. म्हणून १९२० मध्ये तो जर्मनीत मुर्नाऊच्या हाताखाली काम करू शकला. त्याच वर्षअखेरीस तो मालवाहू जहाजाने अमेरिकेत पोचला.

पुढे बोलपट आले आणि जीभ आडवी आली. त्याच्या हंगेरियन हेलाने ‘ड्रॅक्युला’त प्रेक्षक थरारले, पण त्याच हेलामुळे पुढे त्याला भयपटांबाहेरची कामे क्वचितच मिळाली. गाजलेल्या त्या भूमिकेसाठी त्याला सात आठवड्यांचे मिळून ३,५०० डॉलर मिळाले. नाव जगभर झाले, तरी सौदा करताना एकटा नट दुबळाच ठरतो.

हे लुगोसी जाणून होता. १९३३ मध्ये अमेरिकेतल्या चित्रपटनटांची संघटना स्थापन झाली, तेव्हा पहिल्या सभासदांत त्याचे नाव होते. १६ ऑगस्ट १९५६ रोजी तो वारला. ज्या कामापायी मायदेश सुटला, त्याच कामात तो परदेशी पुन्हा सामील झाला होता. ‘ड्रॅक्युला’ची आठवण काढताना एवढे ध्यानात ठेवावे.