दगडी कोळसा आणि आपला पाऊस

चंद्रपूर, वणी, उमरेड या भागांतील खाणींतून निघणारा दगडी कोळसा हा सुमारे २५ ते ३० कोटी वर्षांपूर्वीच्या वनस्पतींचा अवशेष होय. त्या काळी भारताचा भूभाग दक्षिण गोलार्धातील गोंडवन या विशाल खंडाचा एक भाग होता. तेथील दलदलीत गाडली गेलेली झाडे पूर्णपणे कुजली नाहीत. त्यांच्यावर गाळाचे थर चढत गेले आणि दाब व उष्णता यांच्या योगाने त्यांचे कोळशात रूपांतर झाले. या वनस्पतींनी हवेतून शोषून घेतलेला कार्बन अशा रीतीने कोट्यवधी वर्षे भूगर्भात बंदिस्त राहिला. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वरोऱ्याची खाण सरकारतर्फे चालविली जात होती व तिच्यासाठी वर्ध्याहून रेल्वेचा फाटा टाकण्यात आला होता. आज चंद्रपूरच्या महाऔष्णिक केंद्राची क्षमता २९२० मेगावॉट असून, २०२३-२४ साली देशात निर्माण झालेल्या विजेपैकी जवळजवळ तीन-चतुर्थांश वीज कोळशापासूनच मिळाली. घरोघरचा दिवा, शेतातील पंप आणि कारखान्यातील यंत्र यांच्यामागे हा कोळसा उभा आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही.

कोळसा जळतो म्हणजे त्यातील कार्बनचा हवेतील प्राणवायूशी संयोग होतो. त्यातून कार्बन डाय-ऑक्साइड, म्हणजे जुन्या शालेय पुस्तकांतील कर्बद्विप्राणिल वायू निर्माण होतो. त्यास येथे सोयीसाठी कर्बवायू म्हणू. १२ भाग वजनाच्या कार्बनला ३२ भाग प्राणवायू लागतो व ४४ भाग कर्बवायू तयार होतो. त्यामुळे आपल्याकडील भरपूर राख असलेला कोळसाही एक टन जाळला, तर सुमारे दीड टन कर्बवायू बाहेर पडतो. जाळलेल्या वस्तूपेक्षा तिच्यापासून निघालेला वायू वजनाने अधिक भरावा, हे विद्यार्थ्यांना प्रथम खरे वाटत नाही. परंतु शिक्षकांना फळ्यावर सहज करून दाखविता येईल असा हा हिशेब आहे. औष्णिक केंद्रातील विजेच्या एका युनिटमागे साधारणतः एक किलो कर्बवायू हवेत जातो.

धुराड्यातून दिसणारा धूर थोड्या वेळाने विरतो. कर्बवायू मात्र अदृश्य असतो व तो विरत नाही. कोळसा, खनिज तेल व नैसर्गिक वायू यांच्या ज्वलनातून सर्व जगात मिळून वर्षाला ३५०० कोटी टनांहून अधिक कर्बवायू बाहेर पडतो. मानवी व्यवहारांतून निघणाऱ्या या वायूपैकी ढोबळ मानाने निम्मा समुद्र व वनस्पती शोषून घेतात. उरलेला हवेत साचत जातो आणि त्याचा मोठा भाग शतकानुशतके तेथेच राहतो.

हा वायू पृथ्वीवरून परत जाणारी उष्णता अडवून धरतो, हे जॉन टिंडल यांनी १८५९ साली लंडनमधील प्रयोगशाळेत दाखवून दिले. १८९६ साली स्वीडनचे स्वांते अऱ्हेनियस यांनी त्याच्या वाढीने तापमान किती चढेल याचे गणितही मांडले. प्रत्यक्ष मोजमापास आरंभ झाला तो १९५८ साली. चार्ल्स कीलिंग यांनी हवाई बेटांतील मौना लोआ या ज्वालामुखी पर्वतावर, वस्तीपासून दूर, हवेची नियमित नोंद सुरू केली. तेव्हा हवेच्या दर दहा लाख भागांत कर्बवायूचे सुमारे ३१५ भाग होते. २०२३ साली ते ४२० वर गेले. अंटार्क्टिकाच्या बर्फात अडकलेल्या हवेच्या बुडबुड्यांवरून असे आढळून आले आहे, की औद्योगिक युगापूर्वी हे प्रमाण सुमारे २८० होते आणि मागील आठ लाख वर्षांत ते ३०० च्या वर फारसे कधी गेलेच नव्हते.

हा वायू ज्वालामुखींतून किंवा समुद्रातून आला नसेल कशावरून, अशी शंका कोणी घेतल्यास ती रास्तच आहे. तिचे उत्तर कार्बनच्या अणूंतच मिळते. सजीवांत किरणोत्सारी कार्बन-१४ अल्प प्रमाणात असतो आणि सुमारे ५७३० वर्षांत तो निम्मा होतो. कोट्यवधी वर्षे पुरलेल्या कोळशात तो उरतच नाही. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात वाढलेल्या लाकडातील या अणूंचे प्रमाण घटले असल्याचे हान्स सूस यांनी १९५० च्या दशकात दाखविले. ज्वालामुखींच्या वायूतही कार्बन-१४ नसतो, हे खरे. परंतु वनस्पतिजन्य कार्बनमध्ये कार्बन-१३ हा दुसरा अणूही कमी असतो व हवेत तोही घटत चालला आहे. समुद्रातून वा ज्वालामुखीतून येणाऱ्या वायूने अशी घट झाली नसती. शिवाय हवेतील प्राणवायूही कमी होत आहे. ही घट श्वासोच्छ्वासाला बाधक ठरावी इतकी नाही. पण काहीतरी जळत आहे, याची ती खूण होय.

आपल्याकडे याचा परिणाम सर्वांत आधी पावसावर जाणवतो. केंद्रीय भूविज्ञान मंत्रालयाचा २०२० सालचा अहवाल पुण्याच्या उष्णदेशीय मौसम विज्ञान संस्थेतील शास्त्रज्ञांच्या पुढाकाराने तयार झाला. त्यानुसार १९०१ ते २०१८ या काळात देशाचे सरासरी तापमान सुमारे ०.७ अंश सेल्सिअसने वाढले आणि १९५१ ते २०१५ या काळात हिंदी महासागराच्या उष्ण कटिबंधातील पृष्ठभागाचे तापमान सुमारे एक अंशाने चढले. हवा एका अंशाने तापली की ती सुमारे ७ टक्के अधिक बाष्प धरू शकते. साहजिकच पाऊस पडतो तेव्हा तो कोसळतो. याच अहवालाप्रमाणे मध्य भारतात एका दिवसात १५० मिलिमीटरहून अधिक पाऊस पडण्याचे प्रसंग १९५० पासून २०१५ पर्यंत सुमारे ७५ टक्क्यांनी वाढले. मात्र संपूर्ण मोसमाचा पाऊस त्याच सुमारास सुमारे ६ टक्क्यांनी घटला.

ही घट वरवर पाहता विसंगत वाटते. तिच्या मुळाशी काही अंशी तीच धुराडी आहेत. कोळशातील गंधकापासून तयार होणारे सूक्ष्म कण सूर्यप्रकाश परतवितात. त्यामुळे जमीन जितकी तापावयास हवी तितकी तापत नाही आणि समुद्रावरून येणारे मोसमी वारे क्षीण होतात. हे कण काही दिवसांत पावसाबरोबर खाली येतात. कर्बवायूचे तसे नाही. फुप्फुसांच्या आरोग्यासाठी कण रोखलेच पाहिजेत. परंतु ते रोखले की त्यांनी झाकून ठेवलेली उष्णताही उघडी पडेल.

पावसाचा हा लहरीपणा वीजनिर्मितीलाही भोवतो. औष्णिक केंद्राला वाफेसाठी व ती थंड करण्यासाठी अमाप पाणी लागते. २०१५ साली मराठवाड्यातील अवर्षणात परळीच्या केंद्राचे सर्व संच पाण्याअभावी बंद ठेवावे लागले. ते अवर्षण केवळ हवामानबदलामुळेच पडले असे म्हणणे धाडसाचे होईल. मराठवाड्याला दुष्काळ नवा नाही. कोळशाचे ढीग असूनही पाण्यावाचून वीज होत नाही, एवढे मात्र तेथे दिसून आले.

जबाबदारीच्या वाटणीतही न्यायाचा प्रश्न आहे. भारतात दरडोई कर्बवायूचे उत्सर्जन जागतिक सरासरीच्या निम्म्याहूनही कमी आहे. आजवर हवेत साचलेला साठा तर मुख्यतः पाश्चात्त्य औद्योगिक राष्ट्रांचा आहे. तथापि एकूण वार्षिक उत्सर्जनात आपला देश चीन व अमेरिका यांच्या पाठोपाठ तिसऱ्या क्रमांकावर आला आहे, आणि ढग सीमा पाहून बरसत नाहीत.

राज्यात २०१७ साली मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनी योजना सुरू झाली. कृषिपंपांना दिवसा वीज मिळावी म्हणून ग्रामीण उपकेंद्रांच्या जवळ सौर प्रकल्प उभारण्याची ही योजना आहे. त्यासाठी जागा लागते आणि पुष्कळ ठिकाणी ती शासकीय वा गायरानाची असते. येथे पंचायत सदस्यांपुढील प्रश्न खरोखर अवघड होतो. गायरानावर गावातील भूमिहीन कुटुंबांची गुरे व शेळ्या चरतात. त्यांच्यापैकी अनेकांकडे कृषिपंप नसतो. ज्यांना दिवसा पाणी देता येईल ते शेतकरी आणि ज्यांचे कुरण जाईल ती कुटुंबे, ही नेहमी एकच माणसे नसतात. जागेचा ठराव ग्रामसभेपुढे येतो तेव्हा कुरणाच्या बदल्यात चराईसाठी कोणती जमीन राहते, हे नकाशावर दाखवून मगच तो मतास टाकणे योग्य ठरेल.