गुरं नसलेला तो गरीब

आमच्या गटातल्या एका ताईंच्या मुलीला शिष्यवृत्तीचं इंग्रजी पत्र आलं. त्यात तिच्या घराबद्दल एक शब्द होता, ‘इम्पिक्यूनिअस’. मुलगी अडली. ताई घाबऱ्या झाल्या. “आमच्याबद्दल काही वंगाळ लिहिलंय का हो?” आम्ही बी.ए. झालेलो, पण हा शब्द आमच्याही वाचनात नव्हता. शेवटी शब्दकोश उघडला.

अर्थ साधाच निघाला. ज्याच्याजवळ पैसा नाही, ज्याची नेहमीच ओढाताण असते, तो इम्पिक्यूनिअस. इंग्रजीतही रोजच्या बोलण्यात हा शब्द फारसा येत नाही.

गंमत पुढेच आहे. लॅटिन भाषेत पैशाला ‘पेकूनिया’ म्हणत, आणि तो शब्द आला ‘पेकुस’वरून. पेकुस म्हणजे गुरंढोरं! जुन्या रोममध्ये नाणी येण्याआधी दंडसुद्धा मेंढ्या आणि बैलांत मोजत. पुढे काशाच्या लगडी आल्या, तर त्यातल्या काहींवर बैलाचंच चित्र. सुरुवातीचा ‘इम्’ नकाराचा. म्हणजे शब्द फोडला की अर्थ होतो, गुरं नसलेला. हा पेकुस आणि आपल्या पशुधनातला ‘पशु’ एकाच मुळाचे आहेत.

ताई हसल्या. “मग पत्र चुकलंय. माझ्या दारात गाय आहे, दोन शेळ्या आहेत.”

याच कुळातला आणखी एक शब्द आहे, ‘पेकुलियम’. रोममध्ये घरची सगळी मिळकत कायद्याने बापाची. मुलाला किंवा गुलामाला थोडी मत्ता वेगळी सांभाळायला देत, ती पेकुलियम. राबायचं त्यानं, वाढवायची त्यानं, मालक मात्र बाप किंवा धनी. तरी काही गुलामांनी त्यातूनच साठवून स्वतःची सुटका विकत घेतली.

हे सांगताना आम्हीच थबकलो. ताईंची गाय गटाच्या कर्जातून आली. वैरण-पाणी त्यांचं, धार त्या काढतात, हप्ताही त्याच भरतात. पण गायीच्या कानातल्या बारा अंकी बिल्ल्याची नोंद मालकांच्या नावावर, आणि दुधाचं बिलही त्यांच्याच खात्यात. बिल्ला मारायला माणूस आला तेव्हा ताई शेतात होत्या. घरात जे होते त्यांचं नाव लागलं, कुणी मुद्दाम केलं असंही नाही.

“नाव बदलून मिळतं का?” ताईंनी विचारलं. येत्या मंगळवारी गुरांच्या दवाखान्यात चौकशीला जायचं ठरलंय. ताईंचे मालकही बरोबर येणार आहेत.