साहेबांच्या खुर्चीतला नट

जयराम कुलकर्णी हे नाव घेतल्यावर अनेकांना क्षणभर थांबावे लागते. ‘लक्ष्याच्या सिनेमातले पोलीस साहेब’ म्हटले की मात्र चेहरा लगेच डोळ्यांपुढे येतो. बार्शी तालुक्यातून पुण्यात आलेल्या आणि 17 मार्च 2020 रोजी पुण्यातच वयाच्या 88 व्या वर्षी निधन झालेल्या या नटाने दीडशेहून अधिक चित्रपट केल्याचे सांगितले जाते. त्यांची ओळख मात्र एका गणवेशात अडकली आणि ‘एकाच साच्याचा नट’ असा शिक्का बसला. माझ्या मते हा शिक्का उलट्या बाजूने वाचायला हवा. ऐंशीच्या दशकातला मराठी विनोदी चित्रपट ज्या खांबांवर उभा राहिला, त्यांतला एक हा साचा होता.

महेश कोठारे यांचे ‘दे दणादण’ (1987), ‘थरथराट’ (1989) आणि ‘झपाटलेला’ (1993) हे चित्रपट आठवावेत. ‘झपाटलेला’मध्ये तर खुन्याचा आत्मा बाहुल्यात शिरतो. असल्या अचाट गोष्टीत सगळेच हातवारे करू लागले तर विनोद उरत नाही, नुसता गोंधळ उरतो. कुणीतरी कपाळाला आठी घालून ‘पुरावा काय?’ असे विचारणारा लागतो. लक्ष्याची, म्हणजे लक्ष्मीकांत बेर्डे यांची, धांदल हसवते, कारण समोरच्या खुर्चीतला माणूस, म्हणजे कुलकर्णींचा साहेब, त्या धांदलीत सामील होत नाही. तो हसवायला जात नाही आणि स्वतः हसतही नाही. फार तर वैतागतो, तोही अधिकाऱ्याला शोभेल एवढाच.

यावर कुणी म्हणेल, हे काम गणवेशाचेच. त्यात नटाचे कसब काय? या आक्षेपाला ‘दे दणादण’च उत्तर देतो. त्यातले दोन्ही नायक हवालदार आहेत, खाकी त्यांच्याही अंगावर आहे, तरी त्यांना पाहून दरारा वाटत नाही. तो येतो आवाजातून, आणि कुलकर्णींचा आवाज तयार झाला आकाशवाणीत. 1953 साली सुरू झालेल्या पुणे केंद्रावर त्यांनी नोकरी केली. व्यंकटेश माडगूळकर तिथे ग्रामीण कार्यक्रम सांभाळत. श्रोत्याला चेहरा दिसत नसल्याने रेडिओवर अधिकार, संशय, माया सगळे शब्दफेकीतच आणावे लागते. आज मुळशीतल्या लवळ्यात सिम्बायोसिसची माध्यमसंस्था आणि फ्लेम विद्यापीठ आहे. तिथले विद्यार्थी ध्वनी आणि चित्र रीतसर शिकतात. कुलकर्णींच्या पिढीला असली सोय कुठली? त्यांची तालीम ध्वनिक्षेपकापुढेच झाली, वर महिन्याचा पगारही मिळाला.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: एवढा तयार नट वाया गेला. यात तथ्य आहे. पण दोष देताना त्या काळाचे अर्थकारण विसरता येत नाही. राज्य सरकारने 1975 मध्ये करमणूक कर परतीची योजना आणली. पुढचा चित्रपट काढला की आधीच्या चित्रपटाचा कर परत मिळे. चित्रपटांची संख्या वाढली, पैसा मात्र तुटपुंजाच राहिला. अशा ठिकाणी पडद्यावर येताक्षणी ओळख पटणारा, वेगळा प्रसंग लिहून ज्याची प्रस्तावना करावी लागत नाही असा नट निर्मात्याला सोन्यासारखा वाटणारच. त्या चलाखीत माणसाची हौस मारली गेली, हेही खरेच.

हिंदीतल्या जगदीश राज यांच्याशी तुलना इथे उपयोगी पडते. 144 चित्रपटांत पोलीस रंगवल्याबद्दल गिनीज बुकात त्यांची नोंद झाली. हिंदीतला हा इन्स्पेक्टर बहुधा मारामारी संपल्यावर बेड्या घेऊन येई. कोठारेंच्या पटात अधिकारी कथेच्या मध्यात बसतो आणि नायकांना कामाला लावतो. काम अधिक अवघड, तरी मोजदाद कुणी ठेवली नाही. पुढे हेच चित्रपट दूरचित्रवाणीवर पुनःपुन्हा लागत राहिले. थिएटरात ते पाहण्याचे वय नसलेल्या पिढीला कुलकर्णी तिथे भेटले. आता सलग दोन चित्रपटांतली त्यांची दृश्ये शेजारी ठेवून पाहावीत: गणवेश तोच, पण हवालदाराला झापताना वाक्य कुठे तोडायचे, वरिष्ठांपुढे किती खाली यायचे, हे प्रत्येक वेळी वेगळे आहे. नट म्हणून त्यांचे मोजमाप करायचे तर भूमिकांची यादी बाजूला ठेवून या फरकांपासून सुरुवात करावी लागेल.