निशाणी ५

जमिनीच्या दाव्यांची कागदपत्रे वाचण्यासाठी मी काही वर्षे पुण्यात शिवाजीनगरच्या न्यायालयात जातो आहे. आपल्याकडे तूर्तातूर्त मनाईच्या अर्जावर निशाणी ५ पडते. ही प्रथा इतकी रुळली आहे की वकील मंडळी एकमेकांना 'पाच नंबरचे काय झाले?' एवढेच विचारतात. जमीन कोणाची, हे ठरायला वीस वर्षेही लागतात. तोवर तिथे कोण राहणार, हे बहुतेक वेळा या एका अर्जावर ठरते.

दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश ३९ हा त्याचा आधार. न्यायाधीश तीन गोष्टी पाहतात: दाव्यात सकृद्दर्शनी तथ्य आहे का, मनाई न दिल्यास जास्त गैरसोय कोणाची, आणि होणारे नुकसान पैशाने भरून येईल का. राहत्या घराच्या बाबतीत तिसऱ्याचे उत्तर सोपे असते. लोक अडतात ते पहिल्यावर. 'आम्ही मालक आहोत' असे ते सांगत राहतात आणि न्यायालय विचारते, दावा लावला त्या दिवशी ताबा कोणाचा होता? अशा वेळी खरेदीखताइतकेच महत्त्व वीजबिल, करपावती, शिधापत्रिका, शेतजमीन असेल तर पीकपाहणी यांना येते. मनाईने मालकी मिळत नाही, आहे ते आहे तसे राहते.

मात्र अर्ज वेळेवर यावा लागतो. दांडेकर पुलाजवळच्या आंबिल ओढा वसाहतीत २४ जून २०२१ रोजी सकाळी पाडकाम सुरू झाले. २०१९च्या पुरानंतर ओढा सरळ करण्याचे काम पुढे आले होते, त्यातून ही कारवाई. न्यायालयाची स्थगिती त्याच दिवशी आली, पण तोवर अनेक घरे भुईसपाट झाली होती. स्थगितीने पुढचे पाडकाम थांबते, पडलेली भिंत उभी राहत नाही.

ताबा आणि हक्क यांतले हे अंतर ओल्गा टेलिस खटल्यात सर्वांत स्पष्ट दिसते. मुंबईच्या पदपथवासीयांना हटवण्याची घोषणा १९८१च्या जुलैत, ऐन पावसाळ्यात झाली आणि प्रकरण न्यायालयात गेले. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल १० जुलै १९८५चा. तो लिहिणारे सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड पुण्याच्या लॉ कॉलेजचे विद्यार्थी. जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, हे या निकालाने मान्य केले. पदपथावर राहण्याचा हक्क मात्र मान्य झाला नाही. तरीही पावसाळा संपून महिना होईपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबरपर्यंत, झोपड्या हलवू नयेत असे न्यायालयाने सांगितले. हरलेल्या माणसालाही पावसात बाहेर काढायचे नाही, एवढी माणुसकी त्या तारखेत आहे. मला तो निकाल आठवतो तो या तारखेमुळेच.

आमच्या काकांचा अनुभव याच्या शेजारी ठेवतो. गुंठेवारीतली जागा, नोटरी केलेला कागद, सातबारावर नाव नाही. विकणाऱ्याच्या वारसांनी 'जागा खाली करा' म्हणताच काकांनी दावा लावला आणि त्यांना एकतर्फी मनाई मिळाली, 'पुढील तारखेपर्यंत'. त्या तारखेला वकील आले नाहीत आणि मनाई वाढवून घ्यायची राहिली. काका समजत होते की एकदा मिळालेली मनाई निकालापर्यंत चालते. आठ दिवसांनी मागची खोली पाडली गेली आणि तेवढ्या भागाला नवे कुलूप लागले.

इथे विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ यातले कलम ६ कामी आले. कायदेशीर मार्ग सोडून कोणी हुसकावले, तर सहा महिन्यांच्या आत ताब्यासाठी दावा लावता येतो आणि त्यात मालकीचा प्रश्नच निघत नाही. निकालावर अपीलही नाही. सरकारविरुद्ध मात्र हा मार्ग बंद आहे. काकांनी चौथ्या महिन्यात दावा लावला.

आणखी एक गोष्ट त्यांना उशिरा कळली. चालू दाव्यातली जमीन विकली तर घेणाऱ्यावरही निकाल बंधनकारक असतो. पण महाराष्ट्रात त्यासाठी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ती आम्ही नंतर नोंदवली.

खोलीची जागा परत मिळाली आहे. मालकीचा दावा अजून पुराव्यावर आहे. काका प्रत्येक तारखेला स्वतः जातात, आणि रोजनाम्यात काय लिहिले ते वाचूनच घरी येतात.