तलाव नसलेला तलाव, गिरणी नसलेले गिरणगाव

रमजानच्या रात्री लालबाग-परळहून मोहम्मद अली रोडकडे जाणाऱ्या टॅक्सीत बसलेले सगळेच रोजेदार नसतात. मिनारा मशिदीजवळचा मालपुवा आणि फिरनी खायला मराठी कुटुंबे वर्षानुवर्षे जातात. तरावीहची, म्हणजे रमजानमधली रात्रीची जादा नमाज, आटोपलेली असते. रस्ता दिव्यांनी उजळलेला असतो आणि गर्दीत कोण कुठल्या धर्माचा हे विचारायला कुणाला सवड नसते. अशा वेळी टॅक्सीवाल्याला खाणाखुणा सांगताना जी नावे तोंडी येतात, त्यांतली बरीचशी आता जागेवर नसलेल्या गोष्टींची असतात. सी. पी. टँकला तलाव नाही. धोबी तलावात पाणी नाही. गवालिया टँक म्हणजे मैदान. दादरला कोहिनूर मिल म्हणावे, तर समोर काचेचा उंच मनोरा उभा.

सी. पी. म्हणजे कावसजी पटेल, हे गिरगावातल्या जुन्या माणसांनाही चटकन आठवत नाही. या पारशी गृहस्थांनी बांधलेला तलाव एके काळी आसपासच्या वस्तीची तहान भागवत होता. पुढे नळाचे पाणी आले. १९११ मध्ये डॉ. बेंटली यांनी मुंबईतल्या हिवतापावर अहवाल दिला. डासांचे मूळ शहरातल्या विहिरी आणि साठलेल्या पाण्यात आहे, असे त्याचे सांगणे होते. त्यानंतर तलाव बुजवण्याला जोर आला. म्हणजे जागा नाहीशी होण्यामागे दर वेळी कुणाचा लोभच असतो असे नाही. कधी माणसे जगवण्यासाठीही पाणी बुजवावे लागते. १९१७ मध्ये सॅम्युएल शेपर्ड यांनी मुंबईतल्या रस्त्यांच्या आणि ठिकाणांच्या नावांचे इंग्रजी पुस्तक काढले. कोणते नाव कशावरून पडले याची त्यांनी नोंद केली. दिसायला कोरडे पुस्तक. पण तलाव बुजल्यावर तलावाचा पत्ता अशाच पुस्तकांत शिल्लक राहतो.

मराठीत ही वाट त्याआधीच पडली होती. गोव्यातून लहानपणी मुंबईला आलेले गोविंद नारायण माडगावकर यांचे 'मुंबईचे वर्णन' १८६३ मध्ये प्रसिद्ध झाले. मुंबई शहरावरचे मराठीतले हे पहिले पुस्तक. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे कापसाचा भाव वधारला होता, पैसा वाहत होता, आणि त्याच सुमारास कोटाच्या भिंती पाडायला सुरुवात झाली होती. गोविंद नारायण शाळामास्तर होते. डोळ्यांसमोरचे शहर बदलते आहे हे ओळखून त्यांनी देवळे, मशिदी, बाजार, सण, जातीजमाती यांविषयी लिहून ठेवले. २००८ मध्ये मुरली रंगनाथन यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला, तेव्हा परदेशी अभ्यासकांनाही हे शहर एका मराठी माणसाच्या नजरेतून दिसले. १८८९ मध्ये बाळकृष्ण बापू आचार्य आणि मोरो विनायक शिंगणे यांचा 'मुंबईचा वृत्तांत' आला. ही पुस्तके लिहिली गेली तेव्हा ती इतिहासाची नव्हती, वर्तमानाची होती. इतिहास ती नंतर झाली.

गिरगावातल्या मॅजेस्टिक सिनेमाची गोष्ट याच्या अगदी उलटी आहे. १४ मार्च १९३१ रोजी तिथे 'आलम आरा' लागला आणि भारतीय पडदा बोलू लागला. निर्माते-दिग्दर्शक अर्देशीर इराणी पारशी, मूळ नाटक जोसेफ डेव्हिड यांचे, नायिका जुबेदा, नायक मास्टर विठ्ठल, फकिराच्या वेषात गाणारे वजीर मोहम्मद खान, भाषा हिंदुस्थानी आणि थिएटर गिरगावातल्या मराठी वस्तीत. शेजारून जाणाऱ्या आगगाड्यांचा आवाज नको म्हणून शूटिंग मध्यरात्रीनंतर चाले. चार आण्यांचे तिकीट काळ्या बाजारात चार-पाच रुपयांना गेल्याच्या आठवणी सांगितल्या जातात. आज तिथे थिएटर नाही, शॉपिंग सेंटर आहे. मॅजेस्टिक हे नाव मराठी वाचकाच्या ओठांवर राहिले, ते मॅजेस्टिक बुक स्टॉल आणि मॅजेस्टिक प्रकाशनामुळे.

थिएटर गेले, तसा तो चित्रपटही गेला. 'आलम आरा'ची एकही प्रिंट आज उपलब्ध नाही. पुढच्याच वर्षीचा पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा' आजही पाहता येतो. 'आलम आरा' मात्र जाहिराती, छायाचित्रे आणि आठवणी जोडून कल्पनेत उभा करावा लागतो. मूकपटांची स्थिती आणखी वाईट. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले, उरले बोटांवर मोजण्याइतके. वीरचंद धरमसी यांनी जुन्या वर्तमानपत्रांमधून आणि कागदपत्रांतून त्यांची यादी जुळवली. ती १९९४ मध्ये सुरेश छाब्रिया यांनी संपादित केलेल्या 'लाइट ऑफ एशिया' या पुस्तकात छापली गेली. जे कुणीच पाहू शकत नाही त्याची यादी करत बसायचे, हे काम किती एकाकी असेल!

गिरगाव सोडून परळ-लालबागकडे वळले की हरवलेल्याचा आकडा एकदम मोठा होतो. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. तो संप रीतसर मागे घेतला गेलाच नाही, असे कामगार अजून सांगतात. कापड भिवंडीच्या पॉवरलूमवर विणले जाऊ लागले, भोंगे बंद पडले. गिरण्यांची सुमारे सहाशे एकर जमीन. १९९१ च्या विकास नियमानुसार तिचा एक तृतीयांश भाग मोकळ्या जागेला आणि एक तृतीयांश सार्वजनिक घरांना मिळायचा होता. २००१ मध्ये नियमात बदल झाला आणि वाटणी फक्त बांधकाम नसलेल्या जमिनीपुरती उरली. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो बदल कायम ठेवला. पुढे काय झाले, ते लोअर परळ स्टेशनवर उतरणारा कुणीही पाहू शकतो.

या गिरणगावाचे सर्वांत मोलाचे पुस्तक म्हणजे मीना मेनन आणि नीरा आडारकर यांचे २००४ मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध झालेले 'वन हंड्रेड इयर्स, वन हंड्रेड व्हॉइसेस'. 'कथा मुंबईच्या गिरणगावची' या नावाने ते मराठीतही आले. शंभर वर्षे, शंभर आवाज. कामगार, खानावळी चालवणाऱ्या बायका, कार्यकर्ते, कलावंत यांना बोलते केले आणि ते बोलणे जवळपास तसेच छापले. एका गाळ्यात एकाच गावची वीस-वीस माणसे पाळीपाळीने कशी झोपत, खानावळवाली उधारी कशी सांभाळी, संपात दागिने कसे विकले गेले, हे कुठल्याही सरकारी फाइलीत नसते.

या पुस्तकाला प्रस्तावना लिहिणारे इतिहासकार राजनारायण चंदावरकर यांनी १९९४ च्या आपल्या ग्रंथात गिरण्यांच्या आतली रचना उलगडून दाखवली आहे. विणकाम खात्यात मराठा कामगारांच्या शेजारी उत्तर हिंदुस्थानातून आलेले मुस्लिम विणकर, म्हणजे मोमीन किंवा जुलाहा, साचे चालवत. त्यांची वस्ती मदनपुऱ्यात. बरोबरीने काम करण्याचे हे चित्र खरे आहे, पण अर्धेच. धोट्याच्या भोकातून धागा तोंडाने ओढून घ्यावा लागे. त्यामुळे विटाळाच्या नावाखाली दलित कामगारांना या जास्त पगाराच्या खात्यात येऊ देत नसत. १९२८ च्या संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांसमोर ठेवला होता. हरवलेल्या जागेची पुस्तके एवढ्यासाठीही हवीत. नुसत्या आठवणींवर सोडले, तर चाळीतला गणपती आणि ईदचा शीरखुर्मा राहतो, आणि धोट्याची गोष्ट गळून पडते. १९९२-९३ नंतर कोण कुठल्या वस्तीतून उठून मुंब्र्याला गेले, हेही गळून पडते.

गिरणगावच्या आवाजांतला एक आवाज अख्ख्या महाराष्ट्राने ऐकला होता. बार्शीत १९१६ मध्ये जन्मलेले मेहबूब हुसेन पटेल, म्हणजेच शाहीर अमर शेख. आईकडून आलेल्या ओव्या, गिरणीचा अनुभव आणि पहाडी गळा एवढ्या भांडवलावर त्यांनी अण्णा भाऊ साठे आणि द. ना. गवाणकर यांच्यासह १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक उभे केले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांच्या डफावर मैदाने भरत. ज्या जागांनी कामगारांच्या कलेला आसरा दिला, त्यांतले परळचे दामोदर नाट्यगृह १९२२ चे. २०२३ मध्ये पुनर्विकासासाठी त्याचा पडदा पडला. तिथल्या प्रयोगांची हस्तपत्रके, तिकिटे, फोटो कुणाकुणाच्या ट्रंकेत असतील. त्यांची यादी आत्ता केली नाही, तर ती पुढे कुणाला करता येणार नाही.

रमजान हा कुरआन अवतरल्याचा महिना. त्यामुळे या दिवसांत पठणाबरोबर कुरआनच्या संकलनाची हकिकतही मशिदींत सांगितली जाते. प्रेषितांच्या निधनानंतर यमामाच्या लढाईत अनेक हाफिज, म्हणजे कुरआन मुखोद्गत असलेली माणसे, कामी आली. हजरत उमर यांना चिंता पडली. पाठ असणारेच गेले तर? त्यांनी पहिले खलिफा हजरत अबू बक्र यांना गळ घातली. जैद बिन साबित यांच्यावर काम सोपवले गेले. खजुरीच्या फांद्या, चामडे, हाडे यांवर लिहिलेले तुकडे आणि लोकांच्या छातीत जपलेले शब्द त्यांनी गोळा केले, आणि साक्षीदारांकडून पडताळून घेतले. धर्मग्रंथाचे स्थान वेगळे. त्याची बरोबरी गिरणीच्या आठवणींशी कुणी करणार नाही. पण ज्यांना ठाऊक आहे ती माणसे असतानाच लिहून घ्यायचे आणि ऐकलेले पडताळायचे, ही निकड दोन्हीकडे तीच आहे. शिवाय कुरआनमधली सर्वांत मोठी आयत कशाबद्दल आहे, तर उसनवारीचा व्यवहार साक्षीदारांसमोर लिहून ठेवण्याबद्दल.

लिहिलेल्या कागदाची किंमत गिरणी कामगाराला आज नेमकी कळते. गिरण्यांच्या जमिनीवरच्या घरासाठी अर्ज करायचा, तर १ जानेवारी १९८२ रोजी किंवा त्यानंतर आपण पटावर होतो हे सिद्ध करावे लागते. ओळखपत्र, तिकीट नंबर, सर्व्हिस सर्टिफिकेट, लाल पास, लीव्ह रजिस्टर, ईएसआयचे कार्ड, भविष्यनिर्वाह निधीचा क्रमांक, यांतले काहीतरी हवे. गिरणी पाडली गेली, खाते पाडले गेले, मुकादम वारला. संपात खोली सोडून जे कोकणात, घाटावर किंवा उत्तर प्रदेशात आपल्या गावी परतले, त्यांनी चाळीस वर्षे लाल पास जपला असेल असे कसे धरायचे? ज्याच्याकडे कागद आहे तो कामगार. ज्याच्याकडे नाही, त्याने अर्धे आयुष्य साच्यावर काढले असले, तरी कचेरीच्या खिडकीपुढे तो कुणीच नसतो.

काळाचौकीला इंडिया युनायटेड मिलच्या आवारात वस्त्रोद्योग संग्रहालयाचे काम बरीच वर्षे रेंगाळत चालले आहे. तिथे साचे ठेवता येतील, धोटे आणि कांड्याही ठेवता येतील. साचा चालवणारे मात्र आता सत्तरी-ऐंशीत आहेत. मदनपुऱ्यात आहेत, लालबागच्या उरल्यासुरल्या चाळींत आहेत, डोंबिवली-नालासोपाऱ्याला मुलाच्या घरी आहेत. इफ्तारनंतर किंवा संध्याकाळच्या दिवाबत्तीनंतर ते कट्ट्यावर बसतात आणि विचारले तर बोलतात. त्यासाठी मोबाइलमधले रेकॉर्डरचे बटणही पुरते. नाव, गाव, गिरणी, खाते, तिकीट नंबर, इथून सुरुवात करता येते.