शंभर वर्षं पडून राहिलेली हनुवटी

नऊ मीटर लांबीचा देवमासा फक्त हनुवटीवरून ओळखता येतो का? येतो. फक्त त्यासाठी तब्बल शंभर वर्षं लागली!

१९२१ मध्ये दक्षिण ऑस्ट्रेलियात मरे नदीच्या काठावर एक जीवाश्म सापडला. देवमाशाच्या खालच्या जबड्याचं पुढचं टोक, बस्स. पुढे तो मेलबर्नच्या म्युझियमच्या संग्रहात गेला आणि तिथेच पडून राहिला. दिसायला अगदीच साधा तुकडा, त्यामुळे फारसं कुणी लक्षच दिलं नाही.

गंमत अशी की, बलीन व्हेलच्या जबड्याचं हे टोक त्याच्या अंगाच्या मापात वाढतं. (बलीन व्हेल म्हणजे तोंडात दातांऐवजी झालर असणारे देवमासे. ही झालर आपल्या नखांसारख्याच केराटिनची असते. पाणी बाहेर, क्रिल आत! आजचा ब्लू व्हेल यांच्यातलाच.) टोकाचं माप मिळालं, की पूर्ण लांबीचा अंदाज बांधता येतो. जेम्स रूल, एरिक फिट्झगेराल्ड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नेमकं हेच केलं. डिसेंबर २०२३ मध्ये त्यांचा पेपर आला : वय सुमारे १ कोटी ९० लाख वर्षं, लांबी साधारण नऊ मीटर.

आजचा ब्लू व्हेल ३० मीटरच्या आसपास जातो, मग नऊ मीटरचं काय एवढं कौतुक? तर त्या काळाच्या मानाने हा धिप्पाडच. देवमासे अवाढव्य झाले ते हिमयुगाच्या सुमारास, म्हणजे गेल्या साधारण ३० लाख वर्षांत, असं मानलं जात होतं. पण ती मांडणी मुख्यतः उत्तर गोलार्धातल्या जीवाश्मांवर उभी होती. शोध जिथे जास्त घेतला, इतिहासही तिथलाच लिहिला गेला! दक्षिणेतले जीवाश्म विचारात घेतल्यावर चित्र पालटलं. देवमाशांचा आकार आधी वाढला तो दक्षिणेच्या थंड समुद्रांत, आणि तोही कितीतरी आधी, असं हा अभ्यास सांगतो.

अंटार्क्टिकाभोवतालचा तो समुद्र आजही बलीन व्हेलचं मोठं खानावळ-क्षेत्र आहे. थंड, पोषक पाणी आणि क्रिलचे थवेच्या थवे. आता तेच पाणी तापतंय, म्हणून हा जुना हिशेब आजच्या ब्लू व्हेलच्याही कामाचा आहे.

मरे नदीच्या या देवमाशाला अजून स्वतःचं शास्त्रीय नाव मात्र नाही. नुसत्या हनुवटीवरून बारसं कसं करणार? बाकीची कवटी कुठे सापडली, तर बघू!